सही माझी, तारखा त्याच्या

पिंपरी-चिंचवडमध्ये माणूस कंपनीत पर्मनंट झाला की त्याच्या दाराशी तीन प्रकारची मंडळी येऊ लागतात. पहिली स्थळं घेऊन येतात, दुसरी पॉलिसी घेऊन येतात आणि तिसरी काहीच न घेता, रात्री साडेनऊनंतर येतात. पहिल्या दोघांना 'या, बसा' म्हणावं लागत नाही. ती बसलेलीच असतात. तिसरा मात्र चपला न काढता उंबऱ्याशी उभा राहतो. चहा नको, पाणी नको. "बसत नाही दाजी, वकील थांबलेत. तुमची एक सही लागत होती."

पैसे मागितले की आपण सावध होतो. दोन हजार उसने मागणाऱ्याला 'महिनाअखेर आहे रे' हे उत्तर झोपेतही देता येतं. सही मागितली की मात्र तोच माणूस खिसा चाचपून पेन शोधायला लागतो. दोन हजारांना नाही म्हणणारे दाजी पंधरा हजारांचा जामीन राहायला निघतात आणि निघताना बायकोला समजावतात, "आपलं काय जातंय? सहीच तर करायचीय." त्यातून आलेला माणूस बायकोच्या माहेरचा असेल तर समजावण्याचं काम ती करते.

काय जातं ते कायद्यात स्वच्छ लिहिलेलं आहे. पण कायदा वाचून मग जामीन राहिला, असा इसम या औद्योगिक पट्ट्यात अजून दिसलेला नाही. सगळे आधी राहतात. वाचन नंतर सुरू होतं, तेही नोटिशीपासून.

प्रकरण बहुतेक वेळा साधं असतं. भोसरीत गाडी लावण्यावरून बाचाबाची, तळवड्यात ढाब्यावर बिलावरून धक्काबुक्की, कंपनीच्या गेटवर ठेकेदाराशी हमरीतुमरी, नाशिक हायवेवर कंटेनरचा अपघात. आणि ज्याच्यासाठी सही हवी असते तो त्यात नसतोच. तो 'सोडवायला' गेलेला असतो. या भागातल्या मारामाऱ्यांच्या हकिकती ऐकल्या तर मारणारा कोणीच सापडत नाही. दोन्ही बाजूंनी सोडवणाऱ्यांचीच गर्दी झालेली असते आणि त्या गर्दीत कुणाचं तरी डोकं आपोआप फुटतं.

न्यायालय जामीन मंजूर करतं. आदेशात ठरलेलं वाक्य येतं: पंधरा हजारांचा जातमुचलका आणि तेवढ्याच रकमेचा एक लायक जामीनदार. जातमुचलका आरोपीने स्वतः लिहून द्यायचा. लायक माणूस बाहेरून आणायचा. शाळेत मास्तरांनी, घरी वडिलांनी आणि कंपनीत सुपरवायझरने ज्याला कधीच लायक म्हटलं नाही, त्याला सरकारी कागदावर लायक ठरायची ही एकुलती एक संधी असते. दाजी हुरळतात ते उगाच नाही.

लायकी मोजली जाते कागदावर. सातबारा, आठ-अ, घरपट्टीची पावती, रेशनकार्ड, आधार, दोन फोटो. नोकरदार असेल तर पगाराची स्लिप आणि कंपनीचं ओळखपत्र. रक्कम मोठी असली तर तहसीलदारांचा ऐपतीचा दाखला. त्यातला सातबारा आता घरबसल्या मिळतो. महसूल खात्याच्या संकेतस्थळावर पंधरा रुपये भरले की डिजिटल सहीचा उतारा हातात. पंधरा रुपयांच्या कागदावर पंधरा हजारांची जोखीम, म्हणजे सरळ हजारपट. चाकणच्या प्लॉटिंगवाल्यांनाही इतका परतावा देता आलेला नाही. फक्त हा परतावा उलट्या दिशेने जातो, एवढाच फरक.

लायक ठरण्याचा सोहळा प्रत्यक्ष बघावा असा असतो. वकीलसाहेब कोर्टाच्या व्हरांड्यात आधी तालीम घेतात.

"आरोपी कोण लागतो विचारलं तर काय सांगाल?"

"मेव्हण्याचा मित्र."

"मेव्हणा मध्ये आणू नका. ओळखीचा आहे म्हणा."

"पण मी त्याला आजच बघितला."

"मग झाली की ओळख."

पुकारा होतो. दाजी पुढे जाऊन उभे राहतात. लग्नात बोहल्यावर जोडले नव्हते इतके व्यवस्थित हात जोडतात.

"आरोपीला ओळखता?"

"हो साहेब. ओळखीचाच आहे."

"पूर्ण नाव काय त्याचं?"

इथे दाजींची दांडी उडते. आरोपीला सगळा गाव 'पप्प्या' म्हणतो. जन्मदाखल्यावर त्याचं काही वेगळं नाव असेल ही शक्यता दाजींच्या मनाला कधी शिवलेलीच नसते. ते वळून वकिलांकडे बघतात. वकील छताकडे बघतात. शेवटी आरोपी स्वतःच पिंजऱ्यातून हळू आवाजात आपलं नाव पुरवतो आणि आपल्याच जामीनदाराचा जामीनदार होतो.

"याआधी कुणाला जामीन आहात?"

"आहे साहेब. पतपेढीत दोघांना."

"ते नाही विचारत."

हा प्रश्न न्यायाधीश सवयीने विचारत नाहीत, कायद्याने विचारतात. २००५ च्या दुरुस्तीने फौजदारी प्रक्रिया संहितेत कलम ४४१-अ आलं: आपण आजवर किती जणांना जामीन आहोत हे जामीनदाराने तपशिलासह जाहीर करायचं. १ जुलै २०२४ पासून त्या संहितेची जागा भारतीय नागरिक सुरक्षा संहितेने घेतली आणि हेच कलम ४८६ झालं. प्रश्न तोच राहिला. पतपेढी हे उत्तरही तेच राहिलं.

दाजींचा गोंधळ समजण्यासारखा आहे. या पट्ट्यातल्या कामगाराचं निम्मं आयुष्य कामगार पतपेढीतल्या मित्रांना जामीन राहण्यात जातं. पण दोन जामीनकींत मोठा फरक आहे. पतपेढीत पैसे गेलेले असतात आणि माणूस समोर असतो. रोज कॅन्टीनमध्ये आपल्याच टेबलावर जेवतो आणि हप्ता आपल्या पगारातून कापला जातो. फौजदारीत पैसे कुठेच गेलेले नसतात. माणूस जातो.

"तारखेला तो हजर झाला नाही तर पंधरा हजार तुम्हाला भरावे लागतील. माहीत आहे ना?"

"हो साहेब."

हे 'हो' फार झटकन येतं आणि खेदाची गोष्ट म्हणजे तेच तेवढं नोंदीत राहतं. दाजी जामीन कतब्यावर सही करतात. बाहेर आल्यावर पप्प्या पाया पडतो. वकिलांकडून पेन परत घ्यायचं राहून जातं. पहिलं नुकसान तिथेच होतं.

खरं तर कायद्याची मूळ कल्पना फार माणुसकीची आहे. खटला संपेपर्यंत माणसाला तुरुंगात डांबू नये. त्याच्यावर ज्याची नजर आहे, ज्याचा शब्द तो मोडणार नाही, अशा कुणीतरी त्याची जबाबदारी घ्यावी. रक्कम असते ती केवळ त्या नजरेला धार राहावी म्हणून. म्हणूनच आरोपीने 'हे घ्या तुमचे पंधरा हजार आधीच, आता निवांत राहा' असं म्हणून जामीनदाराशी करार केला, तर न्यायालयं त्याला दाद देत नाहीत. खिसा सुरक्षित झाला की नजर मिटते, हे कायद्याला पुरतं ठाऊक आहे. थोडक्यात, कायदा शोधतोय नातं. फक्त ते तो सातबाऱ्यावर शोधतोय.

आता ही कल्पना घेऊन चाकणला चला. कुरुळी, निघोजे, खराबवाडी, मेदनकरवाडी, कुठेही. दहा बाय दहाची खोली, त्यात चौघे, दोन पाळ्या, एक कूलर. यातला एक जण परवा 'सोडवायला' गेला होता आणि आता आत आहे. त्याला ओळखतं कोण? उरलेले तिघे. तो किती वाजता उठतो, घरी किती पाठवतो, कुणाचा फोन आला की बाहेर जाऊन बोलतो, पगार झाल्यावर कुठे बसतो, सगळं त्यांना पाठ. तो पळाला तर नेमका कुठल्या आत्याकडे जाईल हेही ते सांगतील. कायद्याला हवा तो जामीनदार हाच.

पण त्यांचे कागद बघा. एकाचा सातबारा केज तालुक्यातला, दुसऱ्याचा औशाचा. तिसरा बिहारचा, त्याच्याकडे सातबारा नसतोच, खतियान असतं, ते वडिलांच्या नावावर आणि वडील पंजाबात. पगाराची स्लिप ठेकेदाराची. तो ठेकेदारही सात महिन्यांनी ब्रेक देतो आणि पुढच्या वेळी वेगळ्याच नावाने पाटी लावतो. असा कागद पुढे केला की विचारणा होते, 'लोकल कोणी नाही का?'

लोकल असतो. खोलीचा मालक. त्याच्याकडे सातबारा आहे, आठ-अ आहे, घरपट्टी भरल्याची पावती आहे, गळ्यात साखळी आहे. फक्त त्याला आरोपी माहीत नाही. तो भाडेकरूंना खोलीच्या नंबराने ओळखतो. "तीन नंबर आत गेला का? मग तीन नंबरचं लाइटबिल कोण भरणार?" ही त्याची आरोपीविषयीची एकूण आस्था. अशा रीतीने ज्याला ओळख आहे त्याच्याकडे कागद नाही आणि ज्याच्याकडे कागद आहे त्याला ओळख नाही. आणि आदेशात म्हटलेलं असतं, 'लायक'.

त्यात भूगोल आपला वेगळाच. भानगड म्हाळुंग्यात झाली. पोलीस आयुक्तालय पिंपरी-चिंचवडचं, २०१८ च्या स्वातंत्र्यदिनी सुरू झालेलं. पण तालुका खेड, म्हणून न्यायालय राजगुरुनगरला. जामीनदार मिळाला तो निगडीचा, त्याची ऐपत ठरवणार तिसरंच कार्यालय. आणि आरोपी येरवड्यात. या सगळ्यांची एका दिवशी गाठ घालून देणं हे लग्न जमवण्यापेक्षा अवघड काम आहे, कारण लग्नात निदान मुहूर्ताला सगळे एकाच गावात असतात.

हे दुखणं आजचं नाही. १९७८ साली मध्य प्रदेशातल्या मोतीराम नावाच्या गवंड्याला थेट सर्वोच्च न्यायालयाने जामीन दिला. खालच्या दंडाधिकाऱ्यांनी दहा हजारांचा जामीनदार मागितला, आणि त्याचा सख्खा भाऊ उभा राहिला तेव्हा भावाची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात आहे म्हणून तो नाकारला. मोतीराम पुन्हा दिल्लीच्या दारात. न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी मग या प्रकाराचा चांगलाच समाचार घेतला आणि त्याला हजार रुपयांच्या स्वतःच्या मुचलक्यावर सोडायला सांगितलं. देश एक, राज्यघटना एक, भाऊही एकच. पण जिल्हा दुसरा! पुढे ३१ जानेवारी २०२३ ला सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा सांगितलं की स्थानिक जामीनदाराचा हट्ट हे सुटका रखडण्याचं एक कारण आहे, तेव्हा असा हट्ट धरू नये. आणि महिनाभरात जामीनदार मिळालाच नाही तर न्यायालयाने आपणहून अटी सैल करण्याचा विचार करावा. जामीनपात्र गुन्ह्यात तर अटकेपासून आठवड्यात जामीनदार न देऊ शकणाऱ्याला कायदाच गरीब समजतो आणि स्वतःच्या मुचलक्यावर सोडायला सांगतो. गरीब कैद्यांच्या जामिनासाठी २०२३ मध्ये केंद्राची योजनाही आली, चाळीस हजारांपर्यंत मदत देणारी. हे सगळं झालं. व्हरांड्यातला पहिला प्रश्न मात्र अजून तोच आहे: लोकल कोणी आहे का?

बरं, लोकल म्हणजे भक्कम, हाही एक गोड गैरसमज. आमच्याकडच्या सातबाऱ्यांची कथा स्वतंत्र लिहावी लागेल. एका उताऱ्यावर चुलते-पुतणे मिळून चाळीस नावं. त्यातली निम्मी एकमेकांशी बोलत नाहीत आणि उरलेली निम्मी फक्त वकिलांमार्फत बोलतात. इतर हक्कात सोसायटीचा बोजा. काही गटांवर एमआयडीसीच्या संपादनाचा शेरा. गुंठामंत्र्याची तऱ्हा आणखी निराळी. त्याच्या दारात फॉर्च्युनर उभी असते, पण ती ज्या जमिनीतून उगवली ती जमीन गुंठ्यागुंठ्याने विकून झालेली असते. तो ऐपतदार आहे हे अख्ख्या पंचक्रोशीला दिसतं, फक्त तलाठ्याच्या कागदावर दिसत नाही. आणि प्राधिकरणातले आजोबा, ज्यांनी १९७२ साली स्थापन झालेल्या नवनगर विकास प्राधिकरणाच्या भूखंडावर घाम गाळून घर बांधलं, ते 'माझ्या मालकीचं घर' असं ठणकावून सांगतात. मग कागद उघडला जातो आणि निघतो नव्याण्णव वर्षांचा भाडेपट्टा. जी नगरी आशियातली सर्वात श्रीमंत महापालिका म्हणून मिरवायची, तिथे पंधरा हजारांचा निर्विवाद माणूस शोधायला दोन दिवस लागतात.

जिथे टंचाई तिथे धंदा. पुणे परिसरातल्या न्यायालयांभोवती बनावट जामीनदारांच्या टोळ्या पकडल्याच्या बातम्या अधूनमधून येतात. यांचं काम पद्धतशीर असतं. आधार एकाचं, फोटो दुसऱ्याचा, सातबारा तिसऱ्याचा आणि धाडस चौथ्याचं. प्लॅस्टिकच्या फोल्डरमध्ये सगळा संसार. प्रश्नांची उत्तरं खऱ्या जामीनदारापेक्षा चोख, कारण खरा माणूस गडबडतो आणि खोट्याचा सराव झालेला असतो. आरोपीचं पूर्ण नाव तो आडनावासकट सांगतो. हा माणूस पकडला गेला की मात्र खरी अडचण सुरू होते. त्यालाही जामीन लागतो, आणि त्याच्यासाठी न्यायालय कागद अगदी बारकाईने तपासणार असल्यामुळे जामीनदार खराच आणावा लागतो.

अमेरिकेत हा धंदा उजळ माथ्याने चालतो. तिथला जामीन-दलाल साधारण दहा टक्के फी घेतो, पूर्ण रकमेची हमी देतो आणि आरोपी पळाला की माणसं पाठवून पकडून आणतो. त्यावर सिनेमे निघतात. आपल्याकडे फी नाही, माणसं नाहीत, सिनेमाही नाही. हे सगळं काम दाजींनी करायचं, रविवारी, ॲक्टिव्हावर, स्वतःच्या पेट्रोलने.

आणि हे काम लवकरच करावं लागतं. पहिल्या दोन तारखांना पप्प्या दाजींच्या आधी हजर असतो. तिसऱ्या तारखेला 'निघालोय' असा फोन येतो. चौथ्या तारखेला फोन लागतो पण उचलला जात नाही. पाचव्या तारखेपासून एक बाई इंग्रजीत आणि मराठीत सांगते की हा नंबर अस्तित्वात नाही. दरम्यान दाजींनी आपल्या मोबाइलमध्ये मुलांच्या परीक्षा, गाडीचा विमा आणि पप्प्याच्या तारखा एकत्र साठवलेल्या असतात. स्वतःच्या लग्नाचा वाढदिवस विसरणारा माणूस 'कलम अमुक, तारीख अठ्ठावीस, हजेरी' हे विसरत नाही.

इथे आरोपींच्या बाजूनेही एक गोष्ट नमूद केली पाहिजे. या पट्ट्यात गैरहजर असलेला प्रत्येक जण फरार नसतो. राजगुरुनगरला अकराला पोचायचं म्हणून सकाळी साडेआठला मोशीतून निघालेला सरळमार्गी माणूस दुपारी दीडला चाकणच्या तळेगाव चौकात, दोन ट्रेलरच्या मध्ये, हेल्मेट घालून उभा असू शकतो. तिकडे पुकारा झालेला असतो. कुणाला फरार घोषित करण्यापूर्वी एक शिपाई त्या चौकात पाठवावा, निम्मी वॉरंट जागच्या जागी बजावली जातील. उलट, ज्याला खरोखर पळायचं आहे त्याने चाकणमधून पळून दाखवावंच. सायंकाळी सहाला कंपन्या सुटल्यावर इथून कुणी पळून गेल्याचं ऐकिवात नाही.

पण पप्प्या रविवारी गेला. मग काय होतं? त्याच्या नावाने अजामीनपात्र वॉरंट निघतं, मुचलका जप्त होतो, आणि दाजींच्या दारात हवालदार येतात. संहितेचं कलम ४९१, जुनं ४४६. आधी कारणे दाखवा नोटीस. तीही न देता एकदम वसुली करता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने १९६० सालीच सांगून ठेवलंय. पण सोसायटीला नोटीस आणि अटक यातला फरक कळत नाही. खाली पोलिसांची गाडी लागली की चौथ्या मजल्यापर्यंत सगळ्या गॅलऱ्या भरतात. "मी आरोपी नाही, मी जामीनदार आहे," असं दाजी जिन्यातून ओरडून सांगतात. वरून उत्तर येतं, "हो हो, पहिल्यांदा सगळे असंच म्हणतात."

कारण दाखवता आलं नाही आणि पैसेही भरले नाहीत, तर ती रक्कम दंडासारखी वसूल होते. जंगम मालमत्तेची जप्ती, प्रसंगी जमीन महसुलाच्या थकबाकीप्रमाणे वसुली. तेवढ्यानेही भागलं नाही तर जामीनदाराला सहा महिन्यांपर्यंत दिवाणी तुरुंग. आता जरा हिशेब मांडा. चौकात मारामारी करून शांतता मोडण्याच्या गुन्ह्याला, भारतीय न्याय संहितेच्या कलम १९४ प्रमाणे, जास्तीत जास्त एक महिना कैद किंवा हजार रुपये दंड, किंवा दोन्ही. म्हणजे ज्याने हाणामारी केली त्याला फार तर एक महिना, आणि ज्याने त्याच्यासाठी सही केली त्याला सहा महिन्यांपर्यंत. यापेक्षा दाजींनी स्वतःच दोन हाणल्या असत्या तर स्वस्तात सुटले असते.

जामीनदाराच्या नशिबाची परंपरा जुनी आहे. १६६६ साली आग्र्यात औरंगजेबाने शिवाजी महाराजांना नजरकैदेत ठेवलं, तेव्हा ते पळून जाणार नाहीत याची हमी मागितली गेली. हमी लिहून दिली मिर्झाराजा जयसिंगाच्या मुलाने, कुंवर रामसिंगाने. ही जामीनकी मागे घ्या, असं महाराजांनीच त्याला सांगितल्याचं त्या काळातल्या राजस्थानी पत्रांत येतं. म्हणजे कायद्याची वाट त्यांना बादशहापेक्षा जास्त माहीत होती. पुढची मिठाईच्या पेटाऱ्यांची गोष्ट आपण सगळे चौथीपासून ऐकत आलो. महाराज सुखरूप राजगडावर पोचले, महाराष्ट्र आनंदला, आणि रामसिंगावर दरबारबंदी आली, मनसब गेली. साडेतीनशे वर्षांत सुटकेच्या गोष्टीत जामीनदाराचं पुढे काय झालं, हे एकाही मुलाने हात वर करून विचारलेलं नाही.

महाराजांनी सुचवलेली वाट आजही उघडी आहे. कलम ४८९ प्रमाणे जामीनदार केव्हाही अर्ज करून 'मला यातून मोकळं करा' म्हणू शकतो. मग न्यायालय वॉरंट काढून आरोपीला आणवतं आणि दुसरा जामीनदार द्यायला सांगतं. न दिला तर आत. सोपा, स्वच्छ, बिनखर्ची उपाय. तरी हा अर्ज करणारे थोडेच, कारण त्या अर्जावर न्यायाधीश निर्णय देण्याआधी सासुरवाडी देते. दुसरी वाट म्हणजे पप्प्याला शोधून कोर्टात उभं करणं आणि रक्कम कमी करण्याची विनंती करणं; कारणं नोंदवून काही रक्कम सोडून देण्याचा अधिकार न्यायालयाला आहे. तिसरी वाट जरा लांबची आहे. मुचलका जप्त होण्याआधी जामीनदार वारला तर त्याची मालमत्ता या जबाबदारीतून मोकळी होते. याज्ञवल्क्य स्मृतीतही हीच सोय दिसते. तिथे जामीनदार तीन प्रकारचे सांगितलेत: माणूस हजर करणारा, भरवसा देणारा आणि पैसे फेडणारा. पहिले दोघे मेले तर मुलांवर भार नाही. तिसरा मेला तर मुलांनी फेडायचं. तात्पर्य, फौजदारीतल्या जामीनदाराला मरणाची सवलत फार पूर्वीपासून आहे. पतपेढीवाल्याने मात्र मेल्यावरही सुटेन या भ्रमात राहू नये.

आणि समजा, सगळं सुरळीत झालं. पप्प्या प्रत्येक तारखेला आला, साक्षीदार फिरले, खटला संपत आला, पप्प्या निर्दोष सुटणार. दाजी पेढे घेऊन येतात. तेवढ्यात वकील सांगतात, "दाजी, एक सही." खटला संपण्याआधी, वरच्या न्यायालयात अपील झालं तर हजर राहीन, असा सहा महिन्यांचा बंध कायदा मागतो, पूर्वी कलम ४३७-अ, आता ४८१. गुन्हा नव्हता हे सिद्ध झालं, तरी जामीन हवा. दाजी पेढ्यांचा पुडा तसाच हातात धरून पुन्हा 'लायक' होतात.

असं सगळं असूनही माणसं जामीन राहतात, आणि राहिलीच पाहिजेत. नाहीतर येरवड्यात आदेश हातात घेऊन बसलेल्यांचं काय व्हायचं? ऑगस्ट २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे एक माणूस आला. तेरा गुन्हे, सगळ्यांत जामीन मंजूर, पण इतके जामीनदार आणायचे कुठून? न्यायालयाने मान्य केलं की जामीन राहायला माणसाला नातेवाईक किंवा जुना मित्रच मिळतो, आणि हे वर्तुळ मुळातच लहान असतं. तेव्हा त्याच जामीनदारांवर अनेक प्रकरणांत भागवू द्या. मोठ्या न्यायालयाने सांगितलेली ही गोष्ट खराबवाडीच्या खोलीतल्या तिघांना कधीपासून माहीत होती. त्यांचा कागद केजचा होता म्हणून त्यांना कुणी विचारलं नाही, इतकंच.

तेव्हा रात्री साडेनऊनंतर कुणी उंबऱ्याशी उभं राहिलं तर एकदम हो म्हणू नका, एकदम नाहीही म्हणू नका. त्याला आत घ्या, चपला काढायला लावा, चहा पाजा. रक्कम विचारा, कलम विचारा, न्यायालय चाकण चौकाच्या अलीकडे की पलीकडे ते विचारा. आरोपीचं जन्मदाखल्यावरचं नाव लिहून घ्या. आणि शेवटी त्याच्या आईचा मोबाइल नंबर मागा. स्वतःच्या हाताने लावून बघा. आई फोनवर आली, 'मेल्याला मीच कोर्टात घेऊन येते, तुम्ही काळजी करू नका' असं तिने सांगितलं, तर सातबारा काढा, फोटो काढा आणि बिनधास्त सही करा. त्या बाईच्या नावावर बहुधा गुंठाभरही जमीन नसते, म्हणून कायदा तिला सहसा विचारत नाही. पण पप्प्याला ओढून आणायची धमक सगळ्या पंचक्रोशीत तिच्यातच असते, आणि तीही फी न घेता.